मेडीची मदीना

प्रिय आपा,

सलाम. पाकीट हातात घेऊन तू आधी मागचा पत्ता वाचशील आणि म्हणशील, जिनतचा फोन मोडला की काय. फोन धडधाकट आहे. गेल्या आठवड्यात मी तुला कितीदा तरी लावला. एकदा तू म्हणालीस, मिरजेत पाऊस आहे, आवाज तुटतोय. एकदा म्हणालीस, नमाजाची वेळ झाली. तेव्हा सकाळचे दहा वाजले होते. म्हणून लिहायला बसले. बोलताना आपण घरच्या बोलीत बोलतो, पण लिहायचं म्हटलं की मला मराठीच सुचते. कसब्यातल्या शाळेने लावलेली खोड, आणि पुढे मीही तीच मुलांना लावत आले.

तुला फोनवर अर्धवट सांगितलं ते आता नीट सांगते. महिन्यापूर्वी फैझलच्या मोबाईलवर एका परदेशी बाईचा निरोप आला. नाव इसाबेल, राहणार मनिला. जुन्या मूकपटांतल्या नट्यांवर अभ्यास करते, पुण्यात चित्रपटांचा संग्रह बघायला येणार आहे, आणि कसबा पेठेतल्या गुलजार मणियार यांच्या घरच्यांना भेटायचं आहे. फैझलने निरोप वाचला आणि म्हणाला, "अम्मी, हा पक्का स्कॅम आहे. टायमिंग बघ ना." टायमिंग खरंच बघण्यासारखं होतं. दुकानाची इमारत बिल्डरला द्यायची बोलणी चालू, तुझी-माझी सही व्हायची बाकी, आणि नेमकी तेव्हाच सातासमुद्रापलीकडून दादामियाँची चौकशी! मी म्हटलं, येऊ दे. वारज्याच्या फ्लॅटवर बोलावू. चहा पाजू आणि बघू काय काढते पिशवीतून.

आली ती चाळिशीची, बुटकी, सावळी, केस कापलेले. दारात चपला काढून नीट कडेला ठेवल्या. मी तिच्या चपलांकडेसुद्धा संशयाने बघितलं, आपा. इतक्या वापरलेल्या होत्या की वाटलं, मुद्दाम घालून आली असेल. चहा दोन्ही हातांनी धरून प्यायली. मग विचारलं, गुलजारमियाँना मुलं किती? नातवंडं किती? फैझलने माझ्याकडे बघितलं. मला त्याची नजर वाचता येते: वारस मोजतेय. माझं इंग्रजी तुला ठाऊकच आहे, अडलं की फैझल पुढे रेटायचा. मी सांगितलं, आमची दादी रंगूनची. लढाईच्या आधी दादामियाँनी तिला तिकडून आणली. घरात लहानपणापासून जे ऐकलं तेच. तर ती म्हणते, "रंगून?" आणि कपाळावर एक आठी घातली. माझ्याच घरात बसून माझ्याच दादीचं गाव मला चुकीचं ठरवत होती.

मग मी एक चलाखी केली. कपाटातून नानीचा तरुणपणचा फोटो काढला आणि तिच्यापुढे ठेवला. म्हटलं, ह्या आमच्या दादी, गुलजारमियाँच्या बेगम. खोटं बोलणारी असेल तर लगेच "हो हो, ह्याच" म्हणेल. तिने फोटो उजेडात धरला, पुष्कळ वेळ बघितला, आणि अगदी अदबीने परत दिला. "सुंदर आहेत. पण ह्या त्या नाहीत." फैझल खोकला. मी उठून पाणी आणायला गेले.

पाणी घेऊन आले तर तिने टॅब्लेट टेबलावर उभा केला होता. म्हणाली, हे फक्त दोन मिनिटांचं आहे. त्या काळातले तिकडचे बहुतेक सिनेमे लढाईत जळून गेले. हा तुकडा दुसऱ्या कुठल्या तरी देशातल्या गोदामात मिळाला, पूर्ण सिनेमा नाही. मी चष्मा लावला. काळंपांढरं, पावसाच्या रेघा पडल्यासारखं चित्र. एक होडी. होडीत एक सतरा-अठरा वर्षांची मुलगी, बाह्या फुगीर, पाय पाण्यात. काठावरून एक जण येतो आणि हातवारे करून काहीतरी विचारतो. तिचे दोन्ही हात वल्ह्यावर. ती हात उचलत नाही, बोट दाखवत नाही. ओठांचा चंबू करते आणि हनुवटी वर उचलून पलीकडचा काठ ओठांनीच दाखवते.

आपा, माझ्या हातातला तांब्या मी कसा खाली ठेवला ते मला आठवत नाही. दादी आयुष्यभर असंच दाखवायची ना! मीठ कुठे आहे, तर ओठ. दादामियाँ कुठे गेले, तर ओठ. आणि हो म्हणायचं असलं तर मान नाही हलवायची, भुवया उचलायची. गल्लीतल्या बायका म्हणायच्या, मणियारांची म्हातारी तोंड वेंगाडते. तूही तिच्यापासून ते उचललंस आणि शाळेत बाईंच्या हातची पट्टी खाल्लीस. मी इसाबेलला विचारलं, ही कोण? ती म्हणाली, "मेडी अल्कारास. खरं नाव रेमेदियोस." मी म्हटलं, आमच्या दादीचं नाव मदीना. तिने भुवया उचलल्या.

मग तिने जे सांगितलं ते तुला सांगते. तुला त्यातलं किती ठाऊक आहे हे मला ठाऊक नाही, तरी सांगते.

दादीची आई मनिलात लोकांचे कपडे धुवायची. त्या बेटांवरच्या दुसऱ्या मुलखातून पोटासाठी आलेली माणसं. दादी आधी गाण्या-नाचाच्या नाटकात, आपल्याकडच्या संगीत नाटकासारखंच काहीतरी, मागच्या रांगेत उभी राहायची. तेव्हा तिकडे सिनेमा नुकता रांगायला लागला होता आणि बऱ्या घरची मुलगी कॅमेऱ्यापुढे उभी राहायला तयार नव्हती. धोबिणीच्या मुलीला कोण विचारतं? सोळाव्या वर्षी तिला घेतलं. पहिल्याच सिनेमात तिला खऱ्या नदीत उडी मारायला लावली. तिला पोहता येत नव्हतं, पण ते तिने काम जाईल म्हणून सांगितलंच नाही. नावाड्याने केसांना धरून वर काढली आणि पाणी ओकतानाचं चित्रसुद्धा त्यांनी सिनेमात ठेवलं. लोकांना ते इतकं आवडलं की पुढच्या दोन सिनेमांत तिला परत बुडवली. थिएटरात पडद्याखाली पियानो वाजायचा, एक माणूस मोठ्याने पाट्या वाचून दाखवायचा आणि मेडी अल्कारास आली की मागच्या बाकांवरून शिट्ट्या पडायच्या. चर्चमध्ये पाद्र्याने तिचं नाव घेऊन सांगितलं, हिचे सिनेमे बघू नका. त्या रविवारी थिएटर भरून वाहिलं.

पाच-सहा वर्षं असं चाललं. मग बोलपट आले. दादीने तोंड उघडलं आणि लोक हसले. तिची बोली आईच्या मुलखाची होती, राजधानीची नव्हती. राजकन्येच्या वेशात उभी राहून ती धोबिणीसारखी बोलते, असं वर्तमानपत्रात आलं. पुढच्या वर्षी तिला नायिकेची मोलकरीण केलं. त्याच्या पुढच्या वर्षी भूत, कारण भुताला बोलावं लागत नाही. आपा, तुला आठवतं, दादी किती कमी बोलायची? आपण समजायचो, तिला इथली भाषा येत नाही. आता वाटतं, तिला कुठल्याच भाषेत हसं करून घ्यायचं नव्हतं.

आणि दादामियाँ? ते तिथे कापडाच्या पेढीवर नोकरीला होते. जर, टिकल्या, लेस, बटणं. सिनेमाच्या पोशाखांचं सामान त्यांच्याकडून जायचं. भुताच्या झग्याला टिकल्या लावायच्या की नाही, यावरून दोघांची गाठ पडली म्हणे. हे दादामियाँनी आपल्याला कधी सांगितलं नाही. आपल्याला सांगितलं रंगून.

गणपतीत आपल्या गल्लीत पडदा लावून सिनेमे दाखवायचे, तेव्हा दादी गॅलरीत बसून पडद्याच्या मागच्या बाजूने उलटा सिनेमा बघायची आणि मध्येच पुटपुटायची, "चुकीकडं बघती ही." आपण हसायचो. ती नटी कॅमेऱ्याकडे बघत होती, एवढंच तिचं म्हणणं असणार.

इतकं सगळं ऐकूनही माझा संशय गेला नाही, उलट वाढला. नुसत्या अभ्यासाला आलेल्या बाईला धोबिणीची बोली, नावाड्याने धरलेले केस, हे कुठून कळलं? सिनेमे तर जळले. कुणीतरी घरात सांगितल्याशिवाय असल्या गोष्टी कळत नाहीत. आणि दरवेळी ती एकच विचारायची, कबर कुठे आहे? फैझल म्हणाला, "अम्मी, कबरीवर क्लेम नाही करता येत, दाखव." म्हणून गेल्या शुक्रवारी गेलो. बायकांना बघून कब्रस्तानातल्या म्हाताऱ्याने एक लांब उसासा सोडला, पण अडवलं नाही.

मी फातिहा पढले. ती मागे उभी होती. मग ती खाली बसली आणि दगडावरची माती हाताने पुसायला लागली. नाव तिला वाचता येईना, उर्दूत आहे. पण खाली तारीख आपण इंग्रजी आकड्यांत घातली होती, आठवतं? तिने बोट ठेवलं. १९९३. परत पुसलं, परत वाचलं. मग माझ्याकडे वळून म्हणाली, "हे चुकलंय का?" मी म्हटलं, नाही. दफनाच्या दिवशी मीच उभी होते, फाटकाबाहेर. ती तिथेच मातीत बसली आणि रडायला लागली. असं रडणं अभ्यासाला आलेल्या माणसाचं नसतं.

मग खरं निघालं. मनिलात दादीची एक मुलगी होती. सिनेमा काढणाऱ्या एका बड्या माणसाची. त्याने कधी नाव दिलं नाही. तीन वर्षांच्या त्या पोरीला दादी बहिणीकडे ठेवून आली. नंतर आणवते म्हणाली असेल. मग लढाई लागली. ती मुलगी म्हणजे कॉन्सुएलो, आपल्या अब्बांची मोठी बहीण, आपली फुपी. जिवंत आहे, आपा. एक्क्याण्णव वर्षांची आहे, डोळ्यांनी दिसत नाही, कान शाबूत आहेत. इसाबेल तिची नात. मी विचारलं, आधीच का नाही सांगितलंस? ती म्हणाली, "सांगितलं असतं तर तुम्ही चहा दिला असता?" खरं सांगायचं तर दिला नसता.

पण ती रडत होती ते याहून वेगळ्या गोष्टीसाठी. तिचा बाप, म्हणजे फुपीचा मुलगा रामोन, जहाजावर होता. १९८८ साली त्याचं जहाज मुंबईला लागलं, तेव्हा तो दोन दिवसांची सुट्टी काढून पुण्याला आला. आईच्या मावशीकडून ऐकलेले तीन शब्द त्याच्याजवळ होते: पूना, कसबा, बटणं. तांबट आळीतून विचारत विचारत तो आपल्या दुकानात पोचला. गल्ल्यावर एक तरुण बाई होती. तिच्या डाव्या मनगटावर भाजल्याचा डाग होता. त्याने सांगितलं, मी कुठून आलो, कुणाचा मुलगा, आईचं नाव काय, आणि आजीला भेटायचं आहे. बाईच्या हातातून बटणांची बरणी सुटली. मग ती म्हणाली, "शी इज डेड. लाँग बॅक." त्याला पाणी दिलं आणि दुकान बंद करायला घेतलं. तो मनिलाला परत गेला आणि फुपीने चर्चमध्ये आईसाठी प्रार्थना लावली. दर वर्षी लावते. रामोन करोनात गेला, हेच खरं मानत गेला.

दादी तेव्हा वरच्या खोलीत होती. लसूण सोलत असेल, नाही तर झोपली असेल. जिना चढायला किती वेळ लागतो, आपा?

ती बाई कोण, हे मी इसाबेलला तेव्हा सांगितलं नाही. रिक्षात ती खिडकीकडे बघत होती, मी दुसऱ्या खिडकीकडे. मला तो दिवस आठवत होता. शाळेत शिकवून घरी आले तर दुकानभर बटणं सांडलेली. तू म्हणालीस मांजर आलं होतं. मी गुडघ्यांवर बसून सगळी वेचली, आणि तू वर दादीच्या खोलीत जाऊन दार लावून घेतलंस. आपल्या दुकानात मांजर कधी आलं होतं, हे तेव्हा मनात आलं नाही. आता घरी येऊन रात्रभर तेच येत राहिलं. तुझा तो डाग मला माहीत आहे, माझ्यासाठी शेवया करताना पडलेला.

आधी मला वाटलं, हे तू माझ्यासाठी केलंस. त्याच महिन्यात माझा निकाह होता. फैझलच्या अब्बांकडचे लोक किती कडक, तुला माहीत होतं. मुलीची दादी सिनेमात नाचायची, तिकडे तिला बिनबापाची मुलगी आहे, एवढं कळतं तर हळदीची ताटं परत गेली असती. तू तलाक घेऊन लहान पोरासकट घरी आलेली, अब्बा गेलेले, आपल्याला तोलून धरणारं कुणी नव्हतं. मी मनातल्या मनात तुला माफसुद्धा करून टाकलं. सकाळी उठून वाटलं, माफ कसली करतेस, आभार मान.

मग रविवारी इसाबेलने माझ्या घरून मनिलाला व्हिडिओ लावला. फुपी खुर्चीत बसली होती, पांढऱ्या केसांना कंगवा लावलेला, गळ्यात क्रॉस. अब्बांचं कपाळ आहे तिला, हुबेहूब. तिला दिसत नव्हतं म्हणून ती फोनच्या भलत्याच बाजूला बघून बोलत होती. तिने माझी ख्यालीखुशाली विचारली. मग विचारलं, आई माझं नाव घ्यायची का? इसाबेलने ते इंग्रजीत सांगितलं आणि खाली मान घातली. मी म्हटलं, हो. दुसरं काय म्हणणार होते? एक्क्याण्णव वर्षांच्या बाईला नाही म्हणायची माझी छाती नव्हती. वाटलं, मीही गल्ल्यावर बसले आणि तुझ्यासारखीच बोलून गेले. पण म्हातारी हुशार आहे. तिने लगेच पुढचं विचारलं. कोणत्या नावाने? कॉन्सुएलो म्हणायची, की चेलो?

आपा, दादी तुला काय हाक मारायची?

जैनब तर ती कधी म्हणालीच नाही. अब्बा म्हणायचे जैनू, अम्मी म्हणायची जैनब, आणि दादी म्हणायची चेलो. चेलो, खाना खा. चेलो, इधर आ. मला नाही, अब्बांना नाही, फक्त तुला. आपण समजायचो रंगूनकडे लाडाच्या पोरीला म्हणत असतील. मी लहानपणी किती रुसले होते, मला का नाही म्हणत म्हणून. मी फोनमध्ये म्हटलं, "चेलो." पलीकडे फुपीने हात पुढे करून फोन चाचपला. मग फुपी काहीतरी बोलली आणि इसाबेलने मला सांगितलं: आई सोडून गेल्यावर मला त्या नावाने कुणी हाक मारली नाही, म्हणून बाकी कुणाला ते ठाऊकच नाही. इसाबेलनेसुद्धा ते त्या दिवशी पहिल्यांदा ऐकलं. मी फुपीला सांगितलं, माझ्या मोठ्या बहिणीला दादी रोज त्या नावाने हाक मारायची. फुपी म्हणाली, मग तिच्याशी बोलायचंय मला.

तेव्हा माझा त्या निकाहाच्या कारणावरचा विश्वास उडाला. रामोनने गल्ल्यासमोर उभं राहून आईचं नाव सांगितलं. परकं वाटू नये म्हणून त्याने कुठलं सांगितलं असेल? घरातलं. फुपी काही म्हणो, मावशीला तर ते ठाऊक असणारच, तिने कधी तरी त्याच्यापाशी उच्चारलं असेल. नुसतं कॉन्सुएलो ऐकून कुणाच्या हातून बरणी सुटत नाही. मला वाटतं, तू ते ऐकलंस आणि तुला एका क्षणात कळलं की आयुष्यभर ज्या नावाने दादीने तुला जवळ घेतलं ते आधी दुसऱ्या कुणाचं होतं. आणि तू ते परत द्यायला तयार झाली नाहीस. हे खरं की माझ्या शिक्षकी डोक्याचा खेळ, मला माहीत नाही. दार लावून वर तू दादीला काय सांगितलंस, तिने काय म्हटलं, तिला कळलं होतं का, की तिनेच तुला तसं सांगायला लावलं होतं, हे तुझ्याशिवाय कुणालाच माहीत नाही. दादीला शेवटची पाच वर्षं तूच न्हाऊ घातलंस, तूच भरवलंस. त्यामुळे मी तुला जाब विचारत नाही.

पत्र लिहायचं कारण एवढंच. येत्या रविवारी फैझल इसाबेलला घेऊन मिरजेला येतो आहे. तुझा पत्ता मीच दिला, तुला न विचारता. विचारलं असतं तर तू नाही म्हणाली असतीस. पत्र त्याआधी दोन दिवस तरी पोचेल, म्हणजे तुला विचार करायला वेळ मिळेल. दगडावरच्या तारखेबद्दल फुपीला अजून कुणी सांगितलेलं नाही. गल्ल्यावरची बाई तू, हे मी इसाबेलला रविवारी सांगितलं; तारखेचं सांगायचं की नाही हे तिने तुझ्यावर सोडलं आहे, आणि मी तिला त्याबद्दल नावं ठेवू शकले नाही. बिल्डरच्या कागदांचं राहू दे, सही नंतर होईल, आणि फुपीचा हिस्सा निघत असेल तर निघू दे. दार मात्र तूच उघड, सुनेला पाठवू नकोस. तुझं मनगट बघून इसाबेल तुला ओळखेल, तेव्हा पदर ओढून घेऊ नकोस. ती फोन लावेल आणि पलीकडून एक म्हातारी बाई विचारेल, तू कोण. आपा, तिला जैनब म्हणून सांगू नकोस.

तुझीच,
जिनत